घराशी बोलणारा रेडिओ

समस्त सोसायटीस अत्यंत गंभीरपणे कळवण्यात येते, की आमच्या शेजारच्या नानांनी कालपासून पेपर वाचणं बंद केलं आहे. बॅडमिंटन आधीच गेलं होतं, मग जिने गेले. अणुवीज केंद्रातून निवृत्त झालेले नाना याला ‘आवराआवर’ म्हणतात.

त्यांनीच मला सांगितलं होतं, की सूर्याचा उजेड पुरत नाही तिथवर गेलेल्या यानांच्या पोटात प्लुटोनियम असतं. ते आपोआप ऊब देत राहतं आणि त्या उबेची वीज होते. पण ऊब दरवर्षी थोडी ओसरते. मग इथली माणसं तिथलं एकेक उपकरण बंद करत जातात. कॅमेरा आधी, कारण त्या काळोखात बघायला आहे काय? घराशी बोलणारा रेडिओ मात्र शेवटपर्यंत चालू. एवढ्या लांबून, एवढ्या एकटेपणात, नुसतं ‘मी आहे’ म्हणत राहायचं!

नानांचा रेडिओ म्हणजे टॉर्च. समोरच्या इमारतीत त्यांची थोरली बहीण, अक्का, राहते. दोघांनाही फोनवरचं ऐकू येत नाही. म्हणून दिवेलागणीला नाना गॅलरीतून टॉर्च दाखवतात आणि अक्का खिडकीतून उत्तर देते.

आज उत्तर येईना. नानांनी पुन्हा टॉर्च दाखवला. खिडकी काळीच. शेजारच्या गॅलरीत माझ्या हातातला चहा निवून गेला. कुठल्यातरी यानाच्या आवाजाकडे कान लावून बसलेली माणसं अशीच वाट बघत असतील.

मग समोर एक पिवळा ठिपका हलला.

कठड्याला रेलून नाना सगळ्या सोसायटीला ऐकू जाईल असे ओरडले, “अगं अक्के, कुठे मेली होतीस इतका वेळ?”