दहाचं रीडिंग पावणेदोनला

एकाच पंपहाउसातून एक क्वांटम भौतिकीवाला आणि एक पैसे घेऊन खेळणारा गोलकीपर निघाला, असं मी सांगायला लागलो की ऐकणारे एकमेकांकडे बघून डोळा मारतात. त्यांचं चुकत नाही. माझी ख्यातीच तशी आहे. भिलाईतले म्हातारे अजून सांगतात की मी एकदा कॉर्नरचा बॉल एका हातानं झेलला आणि दुसऱ्या हातानं बिडी पेटवली. साफ खोटं. बिडी आधीच पेटलेली होती.

पण पंपहाउस खरं. त्यातला मित्र खरा, आणि त्या दिवशी मी तोंड उघडलं नाही हेही खरं. सगळ्यात कमी सांगितलं गेलेलं तेच आहे, म्हणून लिहून टाकतो.

भिलाईच्या पोलाद कारखान्याची दुसरी भट्टी पेटली त्या सुमाराची गोष्ट. आम्ही भंडाऱ्याकडचे, धानाचे लोक. बाबा आधी आले, कारखान्यात खलाशी म्हणून लोखंड वर चढवायला लागले, आणि मी मागोमाग पंप ऑपरेटर झालो. माझा मित्र नागपूरचा. त्याचे वडील कारखान्याच्याच ऑफिसात कारकून, घरात इस्त्रीचे सदरे आणि जेवताना न बोलण्याची पद्धत. आमच्या घरी जेवताना बोललं नाही तर आई कपाळाला हात लावून ताप बघायची.

भट्टीच्या पोटात लोखंड वितळतं. तिचं स्वतःचं अंग वितळू नये म्हणून तिच्या कातड्याखालून चोवीस तास थंड पाणी फिरवावं लागतं. ते पाणी आमचे पंप ढकलायचे. आमचं काम काय, तर दर अर्ध्या तासानं गेजचा काटा बघायचा आणि प्रेशरचा आकडा लॉगबुकात लिहायचा. सहा ते दोन माझी ए शिफ्ट, दोन ते दहा त्याची बी शिफ्ट. दुसरा माणूस आल्याशिवाय पहिल्यानं जागा सोडायची नाही. घरी बायको बाळंत होवो की छप्पर उडो.

एका जागी बसणं हा माझ्यासाठी छळ होता. माझ्या पायांत जन्मतःच मुंग्यांचं वारूळ आहे. मित्र म्हणायचा, "अबे, मग तू गोलकीपर कावून झाला? तिथंही तं उभंच राहा लागते."

"तिथं बॉल येते. इथं कोन येते? फोरमन."

म्हणून आम्ही युक्ती काढली होती. आम्हीच कशाला, अर्ध्या कारखान्यानं काढली होती, पण आमच्या पंपहाउसात तिचा मूळपुरुष मी. शिफ्ट लागली की सोळाच्या सोळा रीडिंगं आधीच भरून टाकायची. मग मी मागच्या वाळूच्या ढिगावर उड्या मारायला मोकळा, आणि मित्र पुस्तक वाचायला. पुस्तक रशियन. पावर हाउस नावाच्या वस्तीतल्या बाजारात, कारखाना उभारायला आलेल्या रशियनांच्या बाया टमाटे घ्यायला यायच्या, त्यांच्या मागे मागे हिंडून त्यानं भाषेची सुरुवात केली, आणि वर्षभरात तो अणूच्या आतल्या कारभाराची जाडजूड रशियन पुस्तकं वाचायला लागला. ती पुस्तकं स्वस्त मिळायची आणि उशाला छान लागायची, एवढा माझा अभ्यास.

मी आळशी. सोळाही खान्यांत तीन पूर्णांक सहा लिहायचो. मित्राला ते बघवेना. "काटा इतका शहाना नसते बे," तो म्हणाला. "जरा हलू दे त्याले." त्याचे आकडे म्हणजे कलाकुसर. तीन सहा, तीन पाच, पुन्हा तीन सहा, एखादा तीन सात. खरा काटासुद्धा त्यापुढे खोटा वाटला असता.

पुढे हाच माणूस मुंबईच्या संशोधन संस्थेत गेला, परदेशांत भाषणं देऊन आला, आणि जन्मभर एकच सांगत राहिला की मोजल्याशिवाय आकडा बोलू नका. मोजायच्या आधी तो तिथे असतोच असंही समजू नका. मला त्यानं हे तीनदा समजावलं. मी तिन्ही वेळा म्हणालो, "गड्या, पेनल्टी घ्यायच्या आधी बॉल कुठं जानार हे मारनाऱ्यालेही ठाऊक नसते. याच्यासाठी इतकं शिकाले कायले लागते?" तो हसायचा. हसताना चष्मा काढायचा, म्हणजे मी दिसू नये.

तर ती दुपार. चार वाजता सेक्टरच्या मैदानावर आमच्या पाणीवाल्यांची कोळसा भाजणाऱ्या कोक ओव्हनवाल्यांशी मॅच होती, आणि कलकत्त्याच्या एका क्लबचा माणूस गोलकीपर शोधायला येणार होता. माझ्यासाठीच, असं मी सगळ्यांना सांगितलं होतं. खरं म्हणजे तो कुणासाठीही येणार होता. पण तो माझा एकच दिवस होता. मॅच हुकली की मी साठाव्या वर्षापर्यंत काटा बघत बसणार, हे मला लख्ख दिसत होतं. सकाळी सहालाच मी दोन वाजेपर्यंतचं लॉगबुक भरून टाकलं आणि मग दर तीन मिनिटांनी घड्याळ बघायला लागलो. काट्याकडे तितक्यांदा बघितलं असतं तर मला बढती मिळाली असती.

मित्र दीडलाच आला. "जा तू. पाय मोकळे कर. बाबूमोशाय समोर पडू नको म्हंजे झालं."

"भोंगा होऊ दे ना."

"मी बसलो ना इथं? भोंग्याले काय तुहं नाव पुकारा लागते?"

त्यानं बसल्या बसल्या बी शिफ्टचं पान काढलं आणि झरझर भरलं. दहाच्या खान्यात शेवटचा आकडा लिहून खाली शेराही टाकला: प्रेशर नॉर्मल, सर्व ठीक. पावणेदोनला. मी कारखान्यातून मिळालेले चामड्याचे हातमोजे पिशवीत टाकत होतो. भट्टीवाल्यांना गरम लोखंडासाठी मिळायचे, मी बॉलसाठी वापरायचो. तेवढ्यात दार उघडलं आणि आमचा पंजाबी फोरमन आत आला. त्याच्यामागे वाकून, कारण दार त्याला पुरत नव्हतं, रशियन एक्सपर्ट.

रशियनानं काट्याकडे बघितलं. काटा दोन पूर्णांक नऊवर होता. एक पंप कुणीतरी तपासणीसाठी बंद केला होता आणि आम्हाला पत्ता नव्हता. मग त्यानं लॉगबुक उघडलं. मग भिंतीवरचं घड्याळ बघितलं. मग पुन्हा लॉगबुक. त्याचं बोट रात्रीच्या दहापर्यंत घसरत गेलं आणि तिथे थांबलं.

त्या दिवशी दुभाषा लू लागून पडलेला. फोरमन मित्राकडे वळला. "तू रशियन जानता है ना? पूछ साहब क्या बोल रहे हैं."

आता बघा गंमत. ज्यानं गुन्हा केला त्यालाच गुन्ह्याचं भाषांतर करायला उभं केलं. मित्राचा चेहरा त्याच्या सदऱ्यासारखा पांढरा झाला. तो म्हणाला, "साहब पूछते हैं, ये भविष्य किसने लिखा."

फोरमननं दोन्ही पानं उलटून बघितली. ए शिफ्टचं माझं, दोनपर्यंत भरलेलं. बी शिफ्टचं त्याचं, दहापर्यंत. "दोनो चार्जशीट खाओगे. जब तक साहब ना बोले, कोई हिलेगा नहीं."

दोन वाजले. भोंगा झाला. बाहेर हजारो सायकली गेटाकडे निघाल्या, त्या आवाजानं माझे पाय आपोआप हलायला लागले. मित्र रशियनात बोलत होता, लांबलचक, हात न हलवता, शाळेत धडा म्हणावा तसा. मला त्यातलं एक अक्षर कळत नव्हतं. फक्त एक शब्द ओळखीचा आला, व्रतार. म्हणजे गोलकीपर; त्यानंच मला शिकवला होता, पोरींसमोर मिरवायला. तो शब्द आला तसा रशियन थांबला. माझ्याकडे वळला. माझा उजवा हात हातात घेतला, बोटं एकेक करून दाबून बघितली, बैलबाजारात दात बघतात तशी, आणि काहीतरी पुटपुटला.

"क्या बोला?" फोरमन.

"बोलते हैं," मित्र म्हणाला, "ए शिफ्ट वाला अपना काम करके जा रहा था. उसको जाने दो. मैं बैठूँगा. आज से महिनाभर, हर पाँच मिनट का रीडिंग. गेज देखके."

इथे माझं तोंड उघडायला हवं होतं. एकच वाक्य पुरलं असतं: युक्ती माझी, पान माझंही खोटं. फोरमन माझ्याकडे बघत उभा होता, जणू त्यालाही ते वाक्य हवं होतं. आयुष्यात मी इतकी वाक्यं उगाच बोललो, की त्यातलं एक तिथे खर्च झालं असतं तर काही उणं पडलं नसतं. मी पिशवी उचलली.

मित्र म्हणाला, "पाहून काय राहिला? जा ना बे."

सायकल मी अशी हाणली की चेनमधून ठिणग्या उडाल्या आणि वाटेतल्या एका चहावाल्यानं त्यावर चूल पेटवली. एवढं खोटं मला माफ करा, कारण पुढचं सगळं खरं आहे. मैदान लाल मुरुमाचं. एकदा उडी मारली की कोपर खवणीवरून काढल्यासारखं. गोलचे खांब कारखान्याच्या भंगारातल्या पाइपांचे, डोकं आपटलं तर देवळातली घंटा वाजायची. कलकत्त्याचा माणूस पांढऱ्या धोतरात, काळी छत्री उघडून, कुणाच्या तरी क्वार्टरमधून आणलेल्या खुर्चीवर बसला होता.

माझं लक्ष नव्हतं. बॉल पलीकडच्या टोकाला असला की मी कारखान्याच्या धुराकडे बघायचो. दर पाच मिनिटांनी तिकडे एक आकडा लिहिला जात होता, आणि का कोण जाणे, मीही मोजत होतो. उत्तरार्धात कोक ओव्हनवाल्यांना पेनल्टी मिळाली. मारणारा एक आडदांड केरळी. त्यानं पाय उचलायच्या आधीच मी डावीकडे झेपावलो होतो. बॉल सरळ मधे आला. माझं सगळं अंग डावीकडे निघून गेलेलं, फक्त उजवा बूट मागे राहिला होता, आणि बॉल त्या बुटाला लागून वर गेला. लोकांनी मला खांद्यावर घेतलं. नंतर मी सांगत सुटलो की बूट मी मुद्दाम ठेवला होता.

छत्रीवाला जवळ आला. फसला नव्हता. "तुम तो पहले ही कूद जाता है," तो म्हणाला. "बॉल को आने तो दो, बाबा." मग जरा थांबून म्हणाला, "एक सीजन के लिए आओ. सिखा देगा."

एक सीझन म्हणता म्हणता नऊ झाले, आणि ते शिकवणं काही पूर्ण झालं नाही. पण ते नंतरचं.

साडेसहाला मी पंपहाउसात शिरलो, कोपरांवर हळद, तोंडावर विजय. मला वाटलं होतं तो मान खाली घालून बसला असेल, आणि मी उदारपणे म्हणेन, ऊठ, बाकीचं मी भरतो. तो तर गुडघ्यांवर ओणवा होता. फरशीवर खडूनं त्यानं एक लांब वाकडीतिकडी रेघ ओढली होती, दर पाच मिनिटांना एक ठिपका, दारापासून पंपापर्यंत.

"निवडलं मले! कलकत्त्याले चाललो!"

"एक मिनिट." त्यानं काटा बघितला, लिहिला, खडूनं ठिपका मारला. मग वर बघितलं. "पाह्य. भट्टीतून लोखंड काढाच्या आंधी हा काटा थरथरते. दरवेळी. दीड वर्ष झालं आपल्याले इथं, आपन कधी पाह्यलंच नाही. लिहूनच ठेवत होतो."

"मी काय म्हनून राहिलो, तू रशियनाले काय सांगितलं?"

"जे होतं थे. दोघांनीही आगाऊ भरलं म्हनलं."

"अन् तरी जाऊ दिलं त्यानं मले?"

"म्हनलं, मी दोघांचं मोजतो. हा गोलकीपर आहे, याची आज मॅच आहे. तो म्हने, मग याले उभं कावून ठेवलं?"

मी हट्टानं पेन्सिल त्याच्या हातातून घेतली. "तू घरी जा. जेव. दहापर्यंत मी बसतो. माहंही पाप आहे यात."

तो उठला नाही, पण बाजूला सरकला. पहिलं रीडिंग मी बघून लिहिलं. दुसरंही बघून लिहिलं. मग बाहेर एक इंजिन शिटी देत गेलं, माझं मन हावड्याला पोचलं, आणि हातानं तिसऱ्या खान्यात तीन पूर्णांक सहा लिहून टाकलं. पाच मिनिटं व्हायला अजून दोन बाकी होती. काटा होता तीन एकवर.

त्यानं रबर काढून आकडा पुसला, हळूच, कागद फाटू नये असा. पेन्सिल परत घेतली.

"रागावला?"

"नाही बे. पन तू बसला तं माही रेघ बिघडते. जा तू."

चौथ्या दिवशी मी गाडीत बसलो. आई, बाबा, अख्खी पाणीवाल्यांची टीम आणि पंजाबी फोरमनसुद्धा हार घेऊन आला होता. ते एक वाक्य मी त्याला तिथेही सांगितलं नाही. मित्र तेवढा आला नाही. बी शिफ्ट होती, आणि पाच मिनिटांत पावर हाउसच्या स्टेशनवर येऊन परत जाता येत नाही.