फळी पाडली की टेबल

नव्या घरातल्या जेवणाच्या टेबलावर, ताटांच्या मधून, दुपारचं ऊन सावकाश सरकत होतं. आई त्या उन्हावरून उगाच हात फिरवत होती.

जुन्या खोलीतलं आमचं टेबल भिंतीला बिजागऱ्यांनी जोडलेलं होतं. मिटलेलं असलं की ती फळी. "फळी पाड गं," आई मला म्हणायची, आणि खालचा पाय सरळ केला की त्याच फळीचं टेबल व्हायचं. एकाच लाकडाला दोन नावं, दोन्ही खरी. एवढ्याशा खोलीत चार ताटांची जागा कुठूनशी उगवायची आणि जेवणं झाली की विरून जायची. मग तिथेच रात्रपाळीहून आलेल्या बाबांची गादी पडायची. ते दुपारभर झोपायचे, फळी भिंतीशी गप्प उभी असायची.

हे टेबल मिटत नाही. हे घर होण्याआधीच बाबा गेले.

आज गप्पांत जेवण लांबलं. आई सवयीने म्हणाली, "उठा रे आता, ह्यांची गादी घालायचीय."

दादाने आणि मी आपापली ताटं उचलली.