एकाच सिनेमाचा दिग्दर्शक

चार सिनेमे काढले असते, तर आज मी तोऱ्यात सिनेमांबद्दल बोललो असतो. काढला एकच, म्हणून किस्से सांगतो. ते काढावे लागले नाहीत, आपोआप निघत गेले. कथांची दोन पुस्तकं आणि वर्गातली वीस वर्षं मिळूनही एवढे जमले नाहीत.

*

श्रीवर्धनजवळच्या आमच्या गावात मी शाळामास्तर. स्वातंत्र्य मिळून सात-आठ वर्षं झाली होती. कोळ्यांवर सिनेमा काढायचा म्हणून मी पंधरा दिवसांची रजा मागितली. हेडमास्तरांनी अर्ज दोनदा वाचला.

"वर्गातली चाळीस पोरं तुमचं ऐकत नाहीत," ते म्हणाले, "आणि तुम्ही अख्ख्या गावाला नाचवणार?"

रजा दिली मात्र. त्या पंधरवड्यात वर्गात छान शांतता होती, असं त्यांनी नंतर आवर्जून सांगितलं.

*

पहिल्याच दिवशी होडी पाण्यात लोटायचा शॉट. मुंबईहून आलेला कॅमेरामन सज्ज. मी घसा ताणून "अ‍ॅक्शन" म्हणालो. होडी चिखलात तशीच. तिसऱ्यांदा ओरडलो, तेव्हा धर्मा तांडेल, म्हणजे होडीचा म्होरक्या आणि माझा हीरो, शांतपणे म्हणाला, "मास्तर, सुकती हाय. भरती आली का मंग वरडा."

भरती आली तोवर ऊन गेलं होतं. सहा वर्षं मी भूगोलात भरती-ओहोटीचा धडा शिकवत होतो.

*

धर्मासाठी मी दीड पानांचं स्वगत लिहिलं होतं, समुद्राला उद्देशून. माझ्या मते माझं सर्वोत्तम लेखन. त्याला वाचता येत नव्हतं, म्हणून मीच वाचून दाखवलं, तेही साभिनय. त्यानं शेवटपर्यंत ऐकून घेतलं.

"येवडं बोलत बसलो तं जाळं कोन वढील?"

दीड पानांतून 'चला' एवढा एक शब्द उरला. कॅमेरामन म्हणाला, "आता जमलं."

*

शेवटी धर्मा बुडतो आणि त्याची बायको किनाऱ्यावर रडते, असं होतं. बायकोच्या कामाला त्याची खरी बायको, हिराबाई. तोवर तिनं झकास काम केलं होतं. रडायला मात्र साफ नकार.

"अहो, खोटंच रडायचंय," मी म्हणालो. "धर्मा हा काय, बाजूलाच उभा आहे."

"आज हायेत. उद्या दर्यात जानार न्हायत का? दर्यात जानाऱ्या मानसाच्या नावानं मी रडायची न्हाय."

गावातली एकही बाई तयार होईना. दुसऱ्या दिवशी कॅमेरा परत जायचा होता, फिल्मचा शेवटचा तुकडा उरला होता आणि या दृश्याशिवाय सिनेमाच नव्हता. मी घरून माझ्या बायकोचं लुगडं मागवलं, हिराबाईनं ते मला कोळणीसारखं नेसवलं आणि मी कॅमेऱ्याकडे पाठ करून वाळूत बसलो. रडण्याचा अभिनय करावा लागला नाही.

*

पुण्याला सिनेमा आठवडाभर चालला. एका समीक्षकानं लिहिलं, 'शेवटच्या दृश्यातल्या पाठमोऱ्या अभिनेत्रीनं चित्रपट तारला. दिग्दर्शन बेताचं.'

ते कात्रण मी जपून ठेवलंय. त्यातलं एक वाक्य स्तुतीचं आहे आणि तेही माझ्याबद्दलच आहे.

*

मग सिनेमा गावात आला, तंबूत. पुण्याची मला तेवढी फिकीर नव्हती. ज्यांच्यावर काढला त्यांनाच तो खोटा वाटला, तर किनाऱ्यावर तोंड कसं दाखवायचं, या भीतीनं मी मागे बांबू धरून उभा होतो. धर्मा आणि हिराबाई अगदी पुढे.

पडद्यावर होडी धर्माशिवाय परत आली. पाठमोरी बाई गदगदून रडायला लागली आणि माझा अख्खा नववीचा वर्ग एका सुरात ओरडला, "मास्तर!"

फळ्याकडे तोंड केलेली हीच पाठ तर ते वर्षभर बघत होते.

तंबू हसून हसून लोळायला लागला. माझ्या शोकांतिकेचं झालं ते झालं, असं म्हणून मी सटकणार, तेवढ्यात हिराबाई उभी राहिली. ती हसत नव्हती. तिला बघून बाकीचेही हळूहळू गप्प झाले. तिनं शेजारी बसलेल्या धर्माचा हात धरून वर केला आणि पडद्याकडे बघत म्हणाली,

"मास्तर, उगी रडू नका. ह्ये बगा, हितंच हायेत."