सुभेदार आमदार

आमच्या धानाच्या मुलखात आजवर पुष्कळ आमदार झाले. कोणी पक्ष बदलल्यामुळे अडचणीत आला, कोणी बदलला नाही म्हणून. पण वेळेवर पोचल्यामुळे अडचणीत आलेला आमदार मी एकच पाहिला, आणि पाच वर्षं त्याची पत्रं टाइप केली. ते फौजेतून सुभेदार म्हणून निवृत्त होऊन ब्रह्मपुरीजवळच्या आपल्या गावी आले होते. पक्षातल्या दोन गटांना एकमेकांचा माणूस चालेना, तेव्हा ज्याच्याबद्दल कोणालाच काही वाईट बोलता येत नव्हतं अशा या माणसाला तिकीट मिळालं, आणि दोन्ही गट गाफील असताना ते निवडूनही आले. लोक त्यांना सुभेदारभाऊ म्हणत. मी कॉलेजच्या ऑफिसातून नुकताच रिटायर झालेला बाबू. त्यांनी मला पीए म्हणून ठेवण्याआधी एकच प्रश्न विचारला, "बाबू, तुमाले लोकायले नाई म्हनता येते का?" मी म्हणालो, "साहेब, तीस वर्षं अ‍ॅडमिशनच्या खिडकीवर होतो." त्यांनी लगेच हात पुढे केला.

हे 'नाई' म्हणजे त्यांच्या राजकारणाचा पाया होता, आणि तो पाया किती कच्चा आहे हे त्यांच्याखेरीज सगळ्यांना दिसत होतं. रोज सकाळी अंगणात लोक जमत. तिथे त्यांनी चुन्याची रेघ मारून घेतली होती. त्या रेघेवर रांग. शेतीतला वाद, पेन्शन, बदली, गॅस, नात्यातल्या पोराची नोकरी. इतर पुढारी अशा वेळी "पाहतो, करतो, साहेबांशी बोलतो" असं म्हणून माणसाला वर्षभर फिरवतात आणि माणूसही आनंदाने फिरतो. आमचे साहेब कागद वाचत, चष्मा काढत आणि सांगत, "हे होत नाई. पुन्हा येऊ नका, बसचं तिकीट वाया जाते." माणूस थिजून उभा राही. जे होण्यासारखं असेल त्याला मात्र तारीख मिळे, आणि त्या तारखेला काम झालेलं असे. सिरोंच्याकडून, पार तेलंगणाच्या सीमेवरून, एक म्हातारे गृहस्थ चुकून आमच्याकडे आले होते. त्यांचा मतदारसंघ वेगळा, बोलणं अर्धं तेलुगू. साहेबांनी त्यांना "नाई" म्हटलं. म्हातारबाबा हात जोडून म्हणाले, "दोन साल झाले, सगळे हो म्हनते. आज समजलं." आणि आमच्याकडे भात खाऊन समाधानाने परत गेले.

वेळेचं तर विचारूच नका. सभा दहाची असली की साहेब पावणेदहाला हजर. आमच्याकडे दहाची सभा म्हणजे दहाच्या सुमारास मंडपवाल्याला फोन करायचा असतो. त्यामुळे आम्ही पोचायचो तेव्हा मैदानावर एक गाय आणि आम्ही. मग खुर्च्यांचा टेम्पो यायचा, साहेब स्वतः खुर्च्या उतरवायला लागायचे, आणि मंडपाची दोरी बांधणाऱ्याला बाजूला सारून म्हणायचे, "ही गाठ नाई हाये, ही तर चोटी हाये." तालुक्यातले निम्मे मंडपवाले त्यांच्याकडून गाठी शिकले. एकदा एका समाजमंदिराच्या भूमिपूजनाला एक मोठे नेते यायचे होते. पत्रिकेवर वेळ अकराची. अकरा वाजले, साहेबांनी घड्याळ पाहिलं, नारळ फोडला, कुदळ मारली, लोकांना बुंदी वाटली आणि निघाले. नेते दोन वाजता आले तेव्हा तिथे फक्त खड्डा होता. त्यांचा फोन आला. साहेब उभे राहून शांतपणे ऐकत होते. शेवटी म्हणाले, "साहेब, पत्रिकेत दोन लिहिलं असतं तर मी दोनले फोडला असता." त्यानंतर वर्षभर आम्हाला कोणत्याही समितीवर घेतलं गेलं नाही.

भाषण तीन मिनिटांचं. काय काम, कुठे, केव्हा होणार, जय हिंद, जय भीम, जय महाराष्ट्र. लोकांना अपमान वाटायचा. एका गावात एक बाई तरातरा पुढे आली आणि म्हणाली, "भाऊ, मी लेकराले सासूजवळ ठेवून आली. एवढंच आयकवाले बोलावलं का?" साहेब गोंधळले. त्यांनी मागे वळून मला विचारलं, "अजून काय सांगू?" मी म्हटलं, विरोधकांवर टीका करा. त्यांनी बराच विचार केला आणि माइकवर सांगितलं, "ते लोक बरोबर काम करत नाईत." एवढं बोलून खाली उतरले. गाडीत बसल्यावर मला म्हणाले, "थोडं जास्त बोललो का मी?"

मुंबईच्या आमदार निवासात ते स्वतःचे कपडे स्वतः धूत. खिडकीत बांधलेली त्यांची दोरी इतकी ताणलेली असे की तिच्यावर बोट मारलं तर सूर निघावा. शेजारच्या खोलीतल्या आमदारांचे कार्यकर्ते साहेबांनाच धोबी समजून एकदा इस्त्रीचे कपडे देऊन गेले. साहेबांनी इस्त्री मारून संध्याकाळी पोचते केले. ते आमदार दुसऱ्या दिवशी सभागृहात त्यांना पाहून खुर्चीतून अर्धे उठले होते.

सभागृहात त्यांची खरी पंचाईत ही की अध्यक्षांनी "बसा" म्हटलं की ते बसत. वाक्याच्या मधे असले तरी बसत. इतर सदस्यांना अध्यक्ष दहा वेळा "बसा, बसा" म्हणत आणि ते अकराव्या वेळेला आवाज वाढवत. आमच्या साहेबांची पहिल्या दोन वर्षांची सगळी भाषणं कार्यवाहीत अर्धवट आहेत. एक तर "अध्यक्ष महाराज, माझ्या मतदारसंघात" एवढंच आहे. मी म्हणायचो, साहेब, तिथे बसा म्हणजे खरंच बसायचं नसतं. ते म्हणायचे, "बाबू, हुकूम हाये तो. सोयीचा असला तरच पाळायचा, असं असते का?"

मग तो श्रावण आला. वैनगंगेला पूर होता आणि तिला मिळणारे सगळे नाले फुगून उलटे वाहत होते. आम्ही दौऱ्यावर असताना दुपारी निरोप आला की नाल्यापलीकडच्या टोल्यावर, म्हणजे छोट्या वस्तीवर, एक बाळंतीण अडली आहे, ॲम्ब्युलन्स अलीकडे उभी आहे, आणि मधे पाणी. हा टोला साहेबांच्या गावापासून हाकेच्या अंतरावर. आम्ही पोचलो तेव्हा दोन्ही काठांवर माणसं नुसती उभी होती. साहेब फौजेत पूल बांधणाऱ्या पलटणीत होते. त्यांनी एका नजरेत काठ पाहिला, समोरासमोरची दोन ऐनाची झाडं हेरली, ढिवर कोळ्यांकडून जाड दोर मागवला आणि हुकूम सोडायला सुरुवात केली. दोर पलीकडे नेऊन ताणून बांधून झाला. त्याला धरून डोंगा, म्हणजे लाकडी होडी, न्यायचा, अशी योजना. डोंगा एका म्हाताऱ्या ढिवराचा. साहेब पाण्यात कमरेपर्यंत उतरून त्याला सांगत होते, डावीकडून घे, वरून घे. म्हाताऱ्याने वल्हं आडवं धरलं आणि ओरडला, "सुभेदारभाऊ, फौज तुमची असन, नाला माहा हाये. बाहेर निघा अन् गप उभे राहा!"

आणि साहेब बाहेर निघाले. गप उभे राहिले. मी त्यांच्या शेजारी होतो. डोंगा पलीकडे गेला. चार जणांनी त्या बाईला खाटेवरून उतरवून डोंग्यात निजवलं. परत येताना मधल्या धारेत डोंगा एकदम आडवा झाला, दोर करकरला, आणि काठावरच्या बायकांनी एकाच वेळी तोंडाला पदर लावला. म्हाताऱ्याने डोळे बारीक केले, पाण्याला थोडं पुढे जाऊ दिलं आणि डोंगा सरळ करून काठाला आणला. बाईला ॲम्ब्युलन्समधे चढवलं. ब्रह्मपुरीच्या दवाखान्यात तासाभरात मुलगी झाली. दोघी सुखरूप.

गाडी गेल्यावर साहेब ओल्या कपड्यांत दगडावर बसले.  मी चहा आणून दिला. तो हातात धरून म्हणाले, "बाबू, मी बरफात पूल बांधले. जिथी मानूस नाई, तिथी बांधले. आन् माह्या मुलखातली बाई अजून डोंग्यातून जाते." 

हिवाळ्यात नागपूरच्या अधिवेशनात त्यांना दोन मिनिटं मिळाली. मी वरच्या गॅलरीत होतो. कागद न घेता उभे राहिले. नाला, टोला, घरं, किती दिवस वाट बंद असते, शाळेचे मास्तर कसे येतात, सगळं सांगायला लागले. दोन मिनिटं झाली. अध्यक्ष म्हणाले, "बसा." मी डोळे मिटून घेतले. उघडले तर साहेब उभे. अध्यक्षांनी चष्म्यावरून पाहिलं. त्यांनाही सवय होती की हा माणूस बसतो. पुन्हा म्हणाले, "सन्माननीय सदस्य, बसा." साहेबांचा चेहरा लालबुंद झाला होता, दोन्ही हात पँटच्या शिवणीला चिकटलेले. म्हणाले, "अध्यक्ष महाराज, आज मला बसता येत नाही. मी बसलो तर पुढच्या पावसाळ्यात मला त्या काठावर तोंड दाखवता येणार नाही."  विरोधी बाकावरून कोणीतरी म्हणालं, "बोलू द्या त्यांना." आणि साहेब बोलले. पूर्ण बोलले. सभागृहात पहिल्यांदाच त्यांच्या भाषणाला शेवट आला.

दुसऱ्या दिवशी सकाळी मला घेऊन ते अध्यक्षांच्या दालनात गेले. सावधानमधे उभे राहिले आणि म्हणाले, "काल मी हुकूम मोडला. जी शिक्षा असेल ती द्या." अध्यक्षांनी आधी माझ्याकडे पाहिलं, मग त्यांच्याकडे. खुर्चीतून उठले, त्यांना खांद्याला धरून सोफ्यावर बसवलं आणि म्हणाले, "शिक्षा म्हणून माझ्यासोबत नाश्ता करा." साहेबांनी पोहे संपवले, पण चेहऱ्यावरून असं दिसत होतं की शिक्षा कमी पडली.

पूल मंजूर झाला. काम सुरू झालं तेव्हा साहेब मतदारसंघात असले की रोज तिथे. पळसाखाली छत्री घेऊन बसायचे. काँक्रीटवर टाकलेली पोती सुकली की स्वतः बादली घेऊन उठायचे. ठेकेदाराचा मुकादम पहिल्या आठवड्यात वैतागला, दुसऱ्यात घाबरला आणि महिन्याभराने लांबूनच "जय हिंद" म्हणायला लागला.

पण पूल पुरा होण्याआधी निवडणूक आली. जंगलालगतच्या एका मोठ्या गावात लोकांनी रस्ता मागितला. बाकी सगळे उमेदवार रस्ता देऊन गेले होते. साहेबांनी माइक घेतला, "जंगलातून जाते तो रस्ता. परवानगी या पाच वर्षांत नाई मिळाली. पुढच्या पाचात मिळन का, मले मालूम नाई." मी मागून त्यांचा सदरा ओढत होतो. उपयोग झाला नाही. निकालाच्या दिवशी त्या गावाची पेटी उघडली आणि सगळं कळलं.

हरल्यावर लोक दोन दिवस घराबाहेर पडत नाहीत. साहेब तिसऱ्या दिवशी सकाळी फाइलींचं एक बोचकं घेऊन नव्या आमदारांच्या घरी हजर झाले. तिथे फटाके, हार, पेढे. नव्या आमदारांना वाटलं, भांडायला आले. साहेब म्हणाले, "चार्ज द्याले आलो." फौजेत असंच असतं म्हणे, जाणारा येणाऱ्याला एकेक वस्तू दाखवून सोपवतो. मग त्या गर्दीत बसून त्यांनी अपुरी कामं सोपवायला सुरुवात केली. अमक्या विधवेची पेन्शन अमक्या टेबलावर अडली आहे. अमक्या गावचा हातपंप दुरुस्त केला पण पाणी लाल येतं. पुलाच्या पलीकडच्या बाजूला काठाला दगड बसवायचं पिचिंग बाकी आहे, ते विसरू नका. नवे आमदार तरुण होते. आधी हसू दाबत होते, मग वही मागवली, मग गळ्यातले हार काढून बाजूला ठेवले. तीन तासांनी त्यांनी खाली सही केली. परत येताना साहेब मोटारसायकलवर मागे बसून म्हणाले, "पोरगं चांगलं हाये. लिहून घेतलं त्यानं."

पुलाचं उद्घाटन नव्या आमदारांनी केलं. पाटीवर साहेबांचं नाव नव्हतं. मला राग आला. मी तो बोलूनही दाखवला. साहेब तोवर कठड्याखाली वाकून काहीतरी पाहत होते. उठले ते ज्युनिअर इंजिनिअरला हाक मारतच, "पाणी निघाचं एक भोक बुजलं हाये इथी. साफ करा." बस, एवढंच.

आता मी मुलाकडे नागपूरला असतो. यंदा रोवणीच्या दिवसांत गावी गेलो आणि त्यांच्याकडे डोकावलो. साहेब बांधीत, म्हणजे धानाच्या खाचरात, होते, गुडघाभर चिखलात, हातात धानाच्या रोपांची पेंडी. शेजारी वहिनी, साहेबांच्या पत्नी. रोवणाऱ्या बाया त्यांच्याकडे पाहून हसत होत्या. वहिनी दर दोन मिनिटांनी म्हणत होत्या, "सरका मांगं, खोल नका खुपसू," आणि साहेब मागे सरकत होते. बांधावर बसून आम्ही डबा खाल्ला. मी सहज म्हटलं, "साहेब, लोक विचारतात, पुन्हा उभे राहणार का?" त्यांनी माझ्याकडे नाही, वहिनींकडे पाहिलं. "यायले विचारा," म्हणाले.

वहिनींनी हातातला चिखल पाण्यात धुतला. म्हणाल्या, "बाबूभाऊ, लगन झालं तवा हे दहा दिवसाच्या सुट्टीवर आले होते. मंग वर्षाकाठी एक डाव येत. मंग आमदार झाले, तवा घरातच लोक. घरात असून दिसत नव्हते. आता कुठी मले भेटले. आता नाई देत मी कोनाले."

 साहेबांनी भाजीची वाटी वहिनींकडे सरकवली आणि त्यांचे कान लहान मुलासारखे लाल झाले.

मी निघालो तेव्हा आभाळ भरून आलं होतं. रस्त्याला लागल्यावर वळून पाहिलं. बांधीत दोघंही वाकून रोवत होती. डोक्यावर सारखीच प्लास्टिकची खोळ, सारखीच वाकलेली पाठ. एवढ्या दुरून त्यातले साहेब कोणते आणि वहिनी कोणत्या, ते मला ओळखू येईना.