कॅमेऱ्यापुढची मेधाताई

मेधाताईच्या डॉक्युमेंटरी जेमतेम तासाभराच्या असतात, पण त्यांचे किस्से सांगायला बसलो की चहा दोनदा होतो! युनिट म्हणजे आम्ही दोघंच. कॅमेरा आणि साउंड माझ्याकडे, बाकी सगळं तिच्याकडे. तिचा नियम एकच. ज्याची मुलाखत, त्याच्या शेजारी फ्रेममध्ये तीही बसणार. "लोकांना उघड्यावर बसवायचं आणि आपण मागे लपायचं, हे मला नाही जमणार," म्हणते.

*

डभोईला एका बांगडीवाल्या गुजराती आजींचं शूटिंग होतं, सगळे त्यांना 'माजी' म्हणायचे. त्या पाणी आणायला आत गेल्या आणि नेमकं गिऱ्हाईक आलं. मेधाताईनं कॅमेरा चालू असतानाच दुकान सांभाळायला घेतलं. त्या पोरीच्या हातात बांगडी चढवताना तीन फोडल्या! माजी धावत बाहेर आल्या. "बेन, तमे फिलम ज बनावो!" म्हणजे, बाई, तुम्ही आपली फिल्मच बनवा!

*

एक रिटायर्ड रेल्वे गार्ड होते, मूळचे रत्नागिरीचे. मेधाताईनं पहिला प्रश्न विचारायच्या आत त्यांनीच सुरुवात केली. गाव कुठलं, लग्न का नाही केलं, घरी कोण असतं? ही बाई सगळी उत्तरं देत बसली! नंतर ते कॉलनीत सांगत होते म्हणे, "फिल्मवाल्या बाई आल्या होत्या. मी त्यांची मुलाखत घेतली."

*

वेगवेगळ्या दिवशीचं शूटिंग एडिटिंगमध्ये जोडता यावं म्हणून ती अख्ख्या फिल्मभर एकच ड्रेस घालते. समा भागातल्या तिच्या सोसायटीत स्क्रीनिंग झालं, तेव्हा शेजारच्या काकू डोळे पुसत आल्या. "सरस झालंय गं पिक्चर!" मग हळूच म्हणाल्या, "लाजू नकोस हं, माझ्या सुनेचे नवेकोरे ड्रेस पडलेत घरी!"

*

तिचे वडील अप्पा नागरवाड्यात राहतात. मराठी शाळेत शिकवायचे. मेधाताई त्यांच्याच वर्गात होती, त्यामुळे शाळेत तिनंही त्यांना 'सर'च म्हणायचं, असा घरचा कायदा. एवढ्या लोकांना तिनं बोलतं केलं, पण अप्पा कॅमेऱ्यासमोर यायला कधीच तयार नव्हते.

मग त्यांच्या घशाचं ऑपरेशन ठरलं. आवाज राहणार नाही, असं डॉक्टरांनी स्पष्ट सांगितलं. आदल्या दिवशी सकाळी अप्पांनी स्वतःच निरोप पाठवला, "या."

इस्त्रीचा सदरा घालून ते खुर्चीत बसले. मेधाताई शेजारी. मी कॅमेरा चालू केला, हेडफोन लावला आणि वाट बघत राहिलो. तिच्या तोंडून प्रश्नच फुटेना.

"विचार ना गं," अप्पा म्हणाले. ती नुसती मान हलवत राहिली.

अप्पांनी थोडा वेळ तिच्याकडे पाहिलं. मग ताठ बसले आणि त्या बसलेल्या आवाजात तिच्या वर्गाची हजेरी घ्यायला लागले. सगळी नावं तोंडपाठ! प्रत्येक नावानंतर क्षणभर थांबायचे आणि मग पुढे जायचे.

"मेधा."

अप्पांनी पुन्हा पुकारलं.

"मेधा!"

"हजर, सर."

"मोठ्यानं!"