ओवीत आलं उमापूर

पुढं टीव्ही आला, माझं तोंड घरोघरी दिसायला लागलं, तेव्हा लोक म्हणायचे, बाई लई धीट. धीट कसली डोंबलाची! माझं सगळं भ्यायचं आधीच होऊन गेलं होतं, निजामाच्या राज्यात, हैदराबादच्या रेडिओवर.

तेव्हा मी सतरा वर्षांची. आई नव्हती. मामा हैदराबादला नोकरीत, त्यानं मला शिकायला नेलं होतं. रेडिओवर बायकांचा मराठी कार्यक्रम सुरू व्हायचा होता आणि बोलायला बाईच मिळेना. भल्या घरची पोर परक्या पुरुषांना आवाज ऐकवते होय! मामानं मला नेऊन माइकसमोर बसवलं आणि आबांना, माझ्या वडलांना, काही कळवलं नाही.

"नाव सांगायचं न्हाई, गाव सांगायचं न्हाई," मामा म्हणाला. "तुझ्या बापाला कळलं तर दुसऱ्या दिवशी येऊन नेतील अन् मांडवात उभी करतील."

खोटं नव्हतं ते. परळीचं स्थळ ठरत आलं होतं. शिवाय आमच्या उमापूरच्या चावडीत पाटलांनी रेडिओ आणून ठेवलेला. संध्याकाळी गावातले सगळे पुरुष त्याच्यापुढं बसायचे आणि आबा सगळ्यात पुढं.

तीन महिने मी बाळाची गुटी, लोणच्याचा मसाला असलं काहीबाही आवाज जाड करून वाचलं. रोज वाटायचं, आज ओळखतील, आज नक्की ओळखतील.

एका संध्याकाळी गाणारी बाई आलीच नाही. लाल दिवा लागला, म्हणजे आवाज बाहेर जायला लागला. काचेपलीकडून रेडिओच्या साहेबांनी हात जोडले, काहीतरी म्हणा. मला येत होत्या त्या आईच्या जात्यावरच्या ओव्या. डोळे मिटले आणि सुरू केलं. आता ओवी म्हटली की माहेराचं नाव येणारच, आमच्याकडं त्याशिवाय ती पुरी होत नाही.

उमापूरच्या बापाजी, लेक दूरची आठवा
सण आला दिवाळीचा, मला मुराळी पाठवा

मेले गं बाई! गाव सांगितलं, आणि वर न्यायला माणूस पाठवा म्हणून साऱ्या मुलखादेखत सांगितलं! तेव्हा आजच्यासारखं पुसायची सोय नव्हती. तोंडातून गेलं ते गेलं.

चार दिवस दाराची कडी वाजली की मी आतल्या खोलीत. पाचव्या दिवशी आबाच ओसरीवर बसलेले दिसले.

"चावडीत समदे माझ्याकडं बघाय लागले," ते मामाला म्हणाले, माझ्याकडं न बघता. "पाटलानं इचारलं, ही तुमची लेक हाय का?"

"मग?" मामानं विचारलं.

"म्या सांगितलं, माझी लेक महिन्याखाली पटकीनं गेली. ही दुसरीच कुणी. तीन दिस सुतक पाळलं, अन् आलो."

मी धावत जाऊन आबांचे पाय धरले. रेडिओ गेला खड्ड्यात, मला परळीला द्या, कुठंही द्या!

"आबा, मला घरी घेऊन चला."

"मेलेलं माणूस गावात कसं नेऊ गं?" म्हणाले, आणि ढसाढसा रडायला लागले. मग डोळे पुसले, पायताण घातलं आणि पाणीसुद्धा न घेता निघून गेले.

संध्याकाळी सहाला माझा कार्यक्रम होता. मी गेले.