कार्बनचे चार हात

भावावरचा माझा राग अजून गेलेला नाही, आणि तो जावा असं मला वाटतही नाही.

मी श्रीवर्धनला कॉलेजात रसायनशास्त्र शिकवते आणि उरलेल्या वेळात एक विश्व रचते. म्हणजे गोष्टी लिहिते, पण सगळ्या एकाच ग्रहावरच्या. तिथल्या जिवांना तीन काळजं आहेत, रक्त हिरवं आहे, ते पायाच्या तळव्यांनी ऐकतात; पण अंगात आपल्यासारखाच कार्बन. एका हुशार सहकाऱ्याने सुचवलं, परग्रह म्हटल्यावर काहीतरी वेगळं हवं, सिलिकॉनचे कर त्यांना. मी म्हटलं, आधी तू होऊन दाखव. मला कुजणारे, जळणारे, मेल्यावर कुणाच्या तरी उपयोगी पडणारे जीव हवे होते. चकचकीत स्फटिक मला नको होते.

सुट्टीत गावी गेले की या गोष्टी मी आईला वाचून दाखवायची. गाव पालीच्या पलीकडे, भातशेतीचं. ती तांदूळ निवडता निवडता ऐकायची आणि मध्येच अडवायची.

"कार्बन म्हंजे काय गं बाय?"

मी सांगितलं, कोळशात असतो, या तांदळात असतो, तुझ्यात-माझ्यात असतो. त्याला चार हात असतात आणि चारही हातांनी तो शेजाऱ्यांना धरून बसतो.

"मग सोडत न्हाय?"

"सोडतो. पण दुसऱ्याला धरायला."

हे तिला इतकं आवडलं की शेजारणीलाही तिने ते सांगितलं, चारचे सहा हात करून.

एका गोष्टीत मी आमचा राब घातला. पावसाआधी, भाताची रोपं करायच्या जागेवर शेण, टहाळ, पालापाचोळा, गवत अंथरायचं, वर माती भुरभुरायची आणि वाऱ्याच्या उलट अंगाने पेटवायचं. तशी पेटवली की आग धावत सुटत नाही, सावकाश सरपटते आणि जमीन खोलवर भाजते. माझ्या ग्रहावर मेलेल्याची राख राबावर पसरतात, आणि त्या भाताचा पहिला घास घरच्यांनी खायचा असतो. आईने सूप खाली ठेवलं. म्हणाली, "माझं बी असंच करा. समुद्रात नको. मला पोहता येत न्हाय."

भाऊ उंबऱ्यावर बसला होता. तो हसला, पण त्याने मान डोलावली. मी डोळ्यांनी पाहिलंय.

यंदा होळीनंतर आई गेली. अस्थी सावडून आल्यावर मी भावाला आठवण करून दिली, तर तो म्हणाला, "ताई, ती गोष्ट हाय. गोष्टीत कायबी चालतं."

"आईने गोष्टीत नाही सांगितलं. तुझ्यासमोर, तोंडाने सांगितलं."

काका ओटीवरून ओरडले, "राबात गाईचं शेण घालतात, तिथं आईला घालतेस? लोक तोंडात शेण घालतील आपल्या!"

"घालू देत," मी म्हटलं. लोकांची काळजी! आई अंथरुणाला खिळली होती तेव्हा यातला एक लोक पेजेची वाटी घेऊन आला नव्हता. माझ्या अंगाचा तिळपापड झाला. मी भांडले, रडले, पुन्हा भांडले. मी अंघोळीला गेले तेवढ्यात भावाने आणि काकांनी गाडी काढली आणि सगळं हरिहरेश्वरला नेऊन सोडलं. चिमूटभरही ठेवलं नाही. जिला पोहता येत नव्हतं तिला!

हुशार सहकारी नंतर म्हणाला, तसाही राखेत कार्बन उरत नाही, धुरातून निघून जातो. माहीत आहे रे बाबा, दरवर्षी मीच शिकवते. पण आईने रसायन मागितलं नव्हतं. जागा मागितली होती.

राब भाजायच्या दिवसांत मी मुद्दाम गावी गेले. भावाशी बोलायचं नाही असं ठरवूनच गेले होते. त्याने कंपनीतून रजा काढली होती, कारण आजवर राब आईच पेटवायची. तो गवत अंथरत होता. मी पेंढा आणायला गोठ्यात गेले आणि भिंतीच्या भोकाकडे लक्ष गेलं. विंचरल्यावर निघालेला केसांचा गुंतवळ आई बोटाभोवती गुंडाळून तिथे खुपसायची. केसांवर भांडी देणारी भांडीवाली आली की तिला द्यायची. भांडीवाली यायची बंद होऊन जमाना झाला, आईची सवय सुटली नव्हती. मी बोट घातलं. एकामागून एक गोळे निघाले, वरचे पांढरे, खालचे काळे, शेवटचा तर पार माझ्या लहानपणीचा असावा. मी तिथेच शेणाच्या पाटीजवळ बसून हमसून हमसून रडले.

केस जाळायचे नसतात, अपशकुन होतो, हे मला आईनेच शिकवलं होतं. तरी मी ते सगळे पेंढ्यात घालून नेले आणि राबावर पसरले. भावाला काही सांगितलं नाही. परवानगी मागायचे दिवस त्यानेच संपवले होते.

त्याने काडी लावली ती वाऱ्याच्या अंगाने. आईने इतक्या वर्षांत एकदा तरी अशी लावली होती का? मी चुलीतली काटकी हिसकावावी तशी त्याच्या हातातून काडेपेटी घेतली, त्याची आग पायाने विझवली आणि उलट अंगाला जाऊन नीट पेटवली. आग सरपटू लागली. मग धूर वळला आणि तो वास आला, जळत्या केसांचा, कुणालाही ओळखू येईल असा.

भावाने खिशातला रुमाल काढला. "ताई, कसला वास गं हा?"

"आईचा," मी म्हटलं.

त्याने रुमाल नाकाशी नेला आणि पुन्हा खिशात ठेवला. धूर त्याच्याच तोंडावर येत होता. तो बाजूला झाला नाही.